आजीचे अकरा सेकंद



दर महिन्याला या सदरात मी एखादं ॲप, एखादं यंत्र, नाहीतर 'पासवर्ड वहीत लिहून वही टीव्हीवर ठेवू नका' असा उपदेश घेऊन येतो. या महिन्यात घरची गोष्ट सांगणार आहे. ती सुरू होते माझ्या एका चुकीपासून, आणि पोचते मराठी रंगभूमीवरच्या एका आजीबाईंपर्यंत.

माझ्या आजीचं सहस्रचंद्रदर्शन होतं. हॉल, गुरुजी, केटरर हे सगळं मोठ्यांनी वाटून घेतलं आणि 'आजीवरचा व्हिडिओ' माझ्या गळ्यात पडला. कारण काय, तर हा कॉम्प्युटरवाला. आमच्याकडे पंखा बंद पडला तरी मलाच फोन येतो, तसंच हे. चार रविवार मी आजीसमोर फोन उभा करून तिला बोलतं केलं. एकूण सहा तास चाळीस मिनिटं भरली. कार्यक्रमात व्हिडिओ बारा मिनिटांचाच हवा होता. म्हणजे दर तेहेतीस मिनिटांतलं एक मिनिट ठेवायचं आणि बाकीची बत्तीस काढायची.

मी इंजिनियर माणूस. एक छोटा प्रोग्रॅम लिहिला. जिथे एक सेकंदापेक्षा जास्त शांतता असेल तिथे कापायचं आणि दोन्ही टोकं जोडायची. एका संध्याकाळीत सहा तास चाळीस मिनिटांचे साडेचार तास झाले. बायकोला उठवून दाखवलं, इतका खूश होतो मी.

दुसऱ्या दिवशी ताईचा मुलगा आला होता. तो इंजिनियरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे, कलाभवनात, जिथे मीही बीई केलं. त्याने दहा मिनिटं पाहिलं आणि म्हणाला, "मामा, मोठी आजी अशी बोलतच नाही. तू तिला बातम्या देणारी बाई करून टाकलंस."

मला राग आला. मग त्याने मूळ चित्रीकरण लावलं. १९६२ साली आजी लग्न होऊन साताऱ्याहून बडोद्याला आली, ती हकीकत. गाडीला उशीर झाला होता, स्टेशनवर उतरल्यावर आजोबांनी पहिलंच वाक्य विचारलं ते 'भूक लागलीय का?' एवढं सांगून आजी थांबते. पदर सारखा करते. खिडकीकडे बघते. बाहेर कुणीतरी स्कूटरला किक मारतं. मग ती म्हणते, "असो." भाच्याने मोजलं, अकरा सेकंद. माझ्या प्रोग्रॅमने ते अकरा सेकंद उडवले होते, त्यामुळे 'भूक लागलीय का' आणि 'असो' एकमेकांना चिकटले होते. ऐकणाऱ्याला वाटावं, आजीला आजोबांचा कंटाळा आला होता! आजोबा जाऊन नऊ वर्षं झाली. त्या अकरा सेकंदांत काय होतं ते आमच्या घरात सगळ्यांना कळतं.

भाच्याने माझा लॅपटॉप ओढून घेतला. पाच रात्री जागून त्याने बारा मिनिटं नव्याने बांधली. हॉलमध्ये ते अकरा सेकंद आले तेव्हा सव्वाशे माणसं गप्प होती. आपल्या बडोद्याच्या मंडळींना जेवणाआधी गप्प बसवणं काय असतं ते तुम्हाला माहीत आहे. आजी मात्र घरी आल्यावर म्हणाली, "एवढा वेळ गप्प बसले होते होय मी? मेलं कळलंच नाही."

आठ दिवसांनी ताईचा फोन. मुलगा म्हणतोय, बीई झाल्यावर नोकरी नको, चित्रपटाचं संकलन शिकायचं, आणि पुढे माहितीपट करायचे. "तूच त्याला नादाला लावलंस. आता तूच समजव."

समजवायचं म्हणजे आधी स्वतःला समजलं पाहिजे. म्हणून मी महिनाभर वाचलं, पाहिलं, दोन-तीन जाणकारांना विचारलं. माझा पहिला प्रश्न तुमच्या मनात असेल तोच होता. संकलक म्हणजे मागच्या खोलीत बसून दुसऱ्यांनी काढलेलं कापणारा-जोडणारा. तो दिग्दर्शक कसा होणार?

उत्तर संकलनाच्या कामातच आहे. कथापटाला आधी पटकथा असते. कुठल्या प्रसंगानंतर कुठला, कोण काय बोलणार, हे कागदावर ठरलेलं असतं. माहितीपटात खरी माणसं असतात आणि ती पटकथेप्रमाणे बोलत नाहीत. त्यामुळे माहितीपटाची पटकथा बऱ्याच अंशी संकलनाच्या टेबलावरच लिहिली जाते. आधी सगळं चित्रीकरण पाहून त्याची यादी करायची, कोण कितव्या मिनिटाला काय बोललं. मग बोलणं शब्दशः उतरवून काढायचं. मग कागदावर क्रम लावून पाहायचा. मग कच्ची जुळणी करायची, ती नेहमीच फार लांब होते. मग दिवसेंदिवस काढत जायचं. यात संकलकाची एक जागा मोक्याची असते. चित्रीकरणाला तो बहुधा हजर नसतो. त्या दिवशी किती ऊन होतं, गाडी कशी पंक्चर झाली, किती मेहनतीने ही मुलाखत मिळाली, याचं त्याला काही नसतं. समोर जे दिसतं तेवढंच त्याच्यासाठी खरं. म्हणजे तो त्या चित्रपटाचा पहिला प्रेक्षक. पंधरा-वीस चित्रपटांसाठी हे काम केलेल्या माणसाला चित्रीकरण करणाऱ्यांच्या चुका पाठ होतात. प्रश्न विचारून उत्तराच्या मध्येच तोंड घालणं, माणूस रडायला लागला की कॅमेरा घाईने जवळ नेणं, माणूस गप्प झाला की लगेच पुढचा प्रश्न टाकणं. हे सगळं त्याने टेबलावर निस्तरलेलं असतं.

याचं आपल्याला जवळचं उदाहरण म्हणजे रीना मोहन. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून त्यांनी १९८२ साली संकलनाचं शिक्षण पूर्ण केलं आणि मग दुसऱ्यांच्या माहितीपटांचं संकलन करू लागल्या. स्वतः दिग्दर्शित केलेला त्यांचा पहिला चित्रपट आला त्यानंतर नऊ-दहा वर्षांनी, 'कमलाबाई'. जेमतेम पाऊण तासाचा आणि मराठीतला. त्याला दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटासाठीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, नॉन-फीचर विभागात.

या कमलाबाई म्हणजे कमलाबाई गोखले. चंद्रकांत गोखले यांच्या आई, विक्रम गोखले यांच्या आजी. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी 'मोहिनी भस्मासुर' काढला. त्याआधीच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुषाला करावी लागली होती, कारण पडद्यावर यायला बाईच मिळेना. 'मोहिनी भस्मासुर'मध्ये पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची तेरा-एक वर्षांची मुलगी कमला. मायलेकींनी एकाच चित्रपटात भारतीय पडद्यावर बाईची जागा बाईला मिळवून दिली. पुढे कमलाबाई रंगभूमीवर उभं आयुष्य राहिल्या, पुरुषांच्या भूमिकाही केल्या. ऐन तरुणपणी नवरा गेला आणि तीन मुलांना त्यांनी नाटकाच्या कमाईवर वाढवलं.

रीना मोहन त्यांच्याकडे गेल्या तेव्हा कमलाबाई नव्वदीच्या घरात, पुण्यात राहत होत्या. आता विचार करा, असा विषय हाती आल्यावर आपण काय केलं असतं? जन्म, बालपण, पहिला चित्रपट, लग्न, वैधव्य, पुरस्कार, नातवंडांचे दोन शब्द आणि शेवटी सतार. मी आजीचं तेच करणार होतो, सतारीसकट. 'कमलाबाई' असा रांगेने जात नाही. आजीबाई घरात आहेत, आठवतील ते संवाद म्हणतात, पदं म्हणतात, समोरच्या मंडळींशी बोलतात, आणि ते बोलणंही चित्रपटात राहिलं आहे. एरवी 'हे आमचं-तुमचं बोलणं, हे काढा' म्हणून कात्रीखाली गेलं असतं ते. एक म्हातारी नटी आणि तिच्याकडे आलेली तरुण बाई, यांच्यात काय घडतं तेही आपण पाहतो. हे ठेवायचं धाडस कुणाला होईल? मला वाटतं, जिने वर्षानुवर्षं दुसऱ्यांच्या चित्रपटांतून असं काहीतरी नाइलाजाने काढलं असेल, तिलाच.

आणि इथे आपलं बडोदं येतं. फाळके शिकले कुठे? जे. जे. स्कूल ऑफ आर्टनंतर ते बडोद्याला आले, आणि सयाजीराव महाराजांनी १८९० साली सुरू केलेल्या कलाभवनात त्यांनी छायाचित्रणाचे, छपाईचे प्रयोग केले. तिथले प्रमुख होते प्राध्यापक त्रिभुवनदास गज्जर. महाराजांचा हेतू सरळ होता, हाताला काम देणारं शिक्षण. रंगकाम, सुतारकाम, यंत्रविद्या, सगळं एका छपराखाली. आज त्याच आवारात महाराजा सयाजीराव विद्यापीठाची इंजिनियरिंग शाखा आहे. म्हणजे 'इंजिनियरिंग सोडून सिनेमात?' असं ताई विचारते तेव्हा तिच्या मुलाआधी सव्वाशेपेक्षा जास्त वर्षांपूर्वी एक मराठी मुलगा त्याच आवारातून तिकडे गेला होता. चार वर्षं त्या इमारतीत मी असाइनमेंट उतरवून काढल्या आणि बाहेर रस्त्यावर सेव-उसळ खाल्ली, पण हे मला कुणी सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

फाळक्यांनी लंडनहून कॅमेरा आणल्यावर १९१२ साली आधी काय काढलं माहीत आहे? कुंडीतला वाटाणा. ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपत त्यांनी दाण्याचं रोप झालेलं दाखवलं, 'अंकुराची वाढ'. ते पाहूनच भांडवल देणाऱ्याचा विश्वास बसला. खऱ्या गोष्टीचा खरा काळ घेऊन तो आटवायचा, पण वाढ दिसली पाहिजे. संकलन म्हणतात ते हेच, आणि माहितीपटही हाच. घरात सरस्वतीबाई फाळके फिल्मला भोकं पाडायच्या, रसायनं मिसळायच्या, तुकडे जोडण्याच्या कामातही त्यांचा हात होता, वर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक. आपल्या पहिल्या संकलकांमध्ये एका गृहिणीचं नाव घ्यावं लागतं ते असं.

बाहेरच्या जगातही एक बाई भेटल्या, एस्फिर शुब. सोव्हिएत रशियात त्या परदेशी चित्रपट कापून-जोडून तिथल्या प्रेक्षकांसाठी तयार करायच्या. निव्वळ नोकरी. मग त्यांनी जुन्या बातमीपटांच्या आणि झारच्या घरगुती चित्रीकरणाच्या पेट्या उघडल्या. साठ हजार मीटर फिल्म पाहिली. मी हिशेब केला, मूकपटाच्या वेगाने हे पन्नास तासांच्या आसपास जातं. त्यातून १९२७ साली त्यांनी 'रोमानोव्ह घराण्याचा अस्त' हा चित्रपट केला. त्यातला बराचसा भाग वर्षांपूर्वी दुसऱ्यांनी काढलेला. त्यांनी काय केलं, तर निवडलं आणि शेजारी शेजारी ठेवलं. बड्यांची चैन आणि राबणारी माणसं. जुन्या चित्रपटांतूनच नवा चित्रपट रचायचा या पद्धतीची सुरुवात त्यांच्यापासून मानतात.

आता तरुण वाचकांसाठी व्यवहाराचं, कारण या सदराला ती सवय आहे.

एक. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या संकलनाच्या अभ्यासक्रमाला प्रवेश परीक्षा असते आणि त्यासाठी कुठल्याही शाखेची पदवी लागते. म्हणजे तिसऱ्या वर्षाला बीई सोडणं हा पराक्रम नाही, गाढवपणा आहे. संस्था १९६० साली सुरू झाली, जुन्या प्रभात स्टुडिओच्या जागेत. कलकत्त्याला सत्यजित राय यांच्या नावाची संस्था आहे, आणि आपल्यापासून दोन तासांवर अहमदाबादला एनआयडी आहे, तिथेही चित्रपटाचं शिक्षण मिळतं.

दोन. निव्वळ माहितीपट दिग्दर्शित करून घर चालवणारी माणसं आपल्याकडे फार थोडी. संकलनावर मात्र घर चालतं. जाहिराती, मालिका, वेबसिरीज, लग्नाचे व्हिडिओ, सगळ्यांना संकलक लागतो. रीना मोहन यांनीही दिग्दर्शक झाल्यावर दुसऱ्यांच्या चित्रपटांचं संकलन चालूच ठेवलं. मला यात शिकण्यासारखं दिसलं ते हे, की संकलक ही दिग्दर्शकपदाची खालची पायरी नाही. वर चढलो म्हणून खालचं सोडलं, असं इथे होत नाही. आमच्या सॉफ्टवेअरमध्ये चांगला प्रोग्रॅमर मॅनेजर झाला की दोन वर्षांत त्याचा हात जातो आणि आपण पेढे वाटतो. इथे हात चालू ठेवला तरच डोळा शाबूत राहतो.

तीन. उद्यापासून सुरू करायचं असेल तर महागडा कॅमेरा नको. घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाचं एक तास बोलणं टिपा. मग ते सगळं, न पळवता, पुन्हा ऐका. मग दहा मिनिटांचं करा. कुठलं काढलं आणि का, ते वहीत लिहा. हे दोनदा करून कंटाळा आला तर हा धंदा आपला नाही, हे फुकटात कळेल.

हे सगळं घेऊन मी ताईकडे गेलो. ती म्हणाली, "म्हणजे तू त्याच्याच बाजूने." मी म्हटलं, बाजू नाही. मला भीती वाटते. मी त्याच्या वयाचा असताना मला रेडिओवर नाटकं करायची होती. मी घरी बोललोच नाही. कुणी नाही म्हणालं नव्हतं, मी विचारलंच नव्हतं. नोकरी चांगली लागली, घर झालं, तक्रार काहीच नाही. पण माझा प्रोग्रॅम एक सेकंदापेक्षा मोठी शांतता कचऱ्यात टाकतो आणि मला त्यात काही चुकतंय हे कळत नाही, ते त्या पोराला कळतं. हे कळणं शिकवून येत नाही. शिकवून त्याला धार लावता येते, आणि वेळेत लावली नाही तर ते गंजतं. माझ्याकडे पुरावा म्हणून मीच आहे.

ताई काही बोलली नाही. दाजींनी विचारलं, "आणि नाही जमलं तर?" रास्त प्रश्न. भाचा म्हणाला, "बाबा, पदवी हातात असेल. दोनदा परीक्षा देईन. दोन्ही वेळा नाही झालं तर नोकरी शोधेन आणि रविवारी मोठ्या आजीला टिपेन." दाजींनी हे तारखेसकट कागदावर लिहून घेतलं. बँकेतला माणूस, काय करणार. पण कागद देवघराच्या खणात ठेवला, म्हणजे अर्ध्यावर तरी आले.

सध्या तो उरलेले साडेसहा तास चाळतोय. बारा मिनिटं कार्यक्रमासाठी होती, आता त्याला पाऊण तासाचं काहीतरी हवंय. आजीचं बडोदं. मांडवी, सूरसागर, गणपती, शेजारच्या गुजराती काकींनी शिकवलेला उंधियो, आणि रेशनच्या रांगेत गुजराती बोलता येईना म्हणून चुकून आलेलं दुप्पट रॉकेल. परवा मी गेलो तर ताई त्याच्या मागे खुर्ची टाकून बसली होती. पडद्यावर आजी चष्मा शोधत होती, जो तिच्या कपाळावर होता. भाच्याचा हात कळफलकावर गेला.

ताई म्हणाली, "थांब. हे राहू दे."

तुमच्याही घरात कुणीतरी असंच चष्मा शोधत असेल. फोन खिशात आहेच. पुढच्या महिन्यात पुन्हा ॲप आणि पासवर्ड. तोवर या रविवारी एक तास टिपून ठेवा. आणि हो, तो शांतता कापायचा प्रोग्रॅम मी पुसून टाकलाय, मागू नका.